‘सांगत्ये ऐका’ आणि ‘भूमिका’ : कथन आणि मौन

हंसा वाडकर यांचे ‘सांगत्ये ऐका’ (१९७०) हे आत्मकथन पुष्कळदा श्याम बेनेगल यांच्या ‘भूमिका’ (१९७७) या हिंदी चित्रपटाच्या मार्गाने वाचले जाते. त्यामुळे मूळ संहितेतील निवेदनाचे स्वरूप दृष्टिआड होते.

कलावंत घराण्यात १९२३ साली जन्मलेल्या रतन साळगावकर बालवयातच घराच्या चरितार्थासाठी चित्रपटात आल्या आणि ‘हंसा वाडकर’ झाल्या. ‘संत सखू’ (१९४१) मधील संतस्त्री आणि ‘लोकशाहीर राम जोशी’ (१९४७) मधील कलावंतीण या त्यांच्या गाजलेल्या भूमिका. पूज्य स्त्री आणि उपभोग्य स्त्री, ही मराठी चित्रपटाने रूढ केलेली दोन्ही टोके एकाच अभिनेत्रीने पेलली. आत्मकथनातील ‘मी’ मात्र यांपैकी कोणत्याच साच्यात बसत नाही. मद्यपान, विवाह, विवाहबाह्य संबंध यांविषयी ती उघडपणे बोलते. तिच्या बोलण्यात कबुली आहे, क्षमायाचना नाही.

शीर्षक अनंत माने यांच्या १९५९ च्या तमाशापटाचे आहे. त्यातही हंसाबाईंची भूमिका होती. म्हणजे आत्मकथेचे नावच एका भूमिकेच्या परिसरातून आले आहे. पण त्याची व्याकरणिक घडण पाहण्याजोगी आहे. ‘सांगत्ये’ हे प्रथमपुरुषी स्त्रीलिंगी क्रियापद, तर ‘ऐका’ ही समोरच्या समुदायाला केलेली आज्ञा. आजवर पाहिली गेलेली स्त्री येथे प्रेक्षकाला श्रोता व्हायला लावते.

यावर एक आक्षेप संभवतो. हे कथन शब्दबद्ध केले ते अरुण साधू यांनी, आणि ते प्रथम ‘माणूस’मधून प्रसिद्ध झाले. मग हा आवाज कितपत हंसाबाईंचा? शब्द आणि संस्करण यांची सीमारेषा आखणे अवघड आहे, हे मान्य करावे लागते. तथापि श्रोत्याला गृहीत धरणारी, कार्यकारणाच्या फंदात न पडता प्रसंगामागून प्रसंग सांगत जाणारी बोली हे या संहितेचे अंतर्गत लक्षण आहे. संहितेचे सामर्थ्य लेखणी कोणाची यापेक्षा या संबोधनात शोधले पाहिजे.

‘भूमिका’ वेगळे काही साधते. स्मिता पाटील यांची उषा आईचे घर, केशवचा संसार आणि काळेचा वाडा या तीन बंदिवासांतून जाते. पूर्वस्मृतींच्या रचनेमुळे प्रत्येक बंडामागे कारण उभे राहते. आशयाला सामाजिक व्याप्ती लाभते, यात शंका नाही. पण व्यक्ती ‘प्रकरण’ होण्याचा धोकाही त्यातूनच निर्माण होतो. शेवटी हॉटेलच्या खोलीत एकट्या उषेला दूरध्वनीवरून राजनचा आवाज ऐकू येतो. ती उत्तर देत नाही. चित्रपटाच्या दृष्टीने हे मौन अर्थपूर्ण, कदाचित स्वातंत्र्याचेही आहे. परंतु ज्या पुस्तकाचे नावच बोलण्याची घोषणा करते, त्याच्या रूपांतराचा शेवट नायिकेच्या मौनात व्हावा, हे केवळ माध्यमभेद म्हणून सोडून देता येणार नाही.

दोन क्रियापदांच्या जागी एक नाम आले. सांगणारी स्त्री पुन्हा पाहण्याचा विषय झाली. १९७१ साली हंसाबाई निवर्तल्या. हा चित्रपट पाहून त्यावर बोलण्याची संधी त्यांना मिळाली नाही. म्हणूनच ‘सांगत्ये ऐका’ ‘भूमिका’चे साधन म्हणून न वाचता, ‘भूमिका’ला प्रश्न विचारणारी स्वतंत्र संहिता म्हणून वाचणे अगत्याचे ठरते.