काती औतिनेनचा चेहरा

'ही बाई सगळ्या चित्रपटांत एकच चेहरा घेऊन वावरते,' असा आक्षेप काती औतिनेन या फिनिश अभिनेत्रीबद्दल आमच्या रसिक मित्रांकडून मी बऱ्याचदा ऐकला आहे. वरवर पाहता त्यात तथ्य आहे. १९८६ च्या 'शॅडोज इन पॅरडाइज'पासून ती दिग्दर्शक आकी कौरिसमाकीची हक्काची नटी. भूमिका बहुधा कष्टकरी बाईच्या. ओठ मिटलेले, खांदे पडलेले, संवाद बेताचे.

पण 'द मॅच फॅक्टरी गर्ल' (१९९०) नीट पाहावा. काडेपेट्यांच्या कारखान्यातली ईरिस पगार आईच्या आणि सावत्र बापाच्या हाती देते. नाचघरात शेजारच्या बायकांना एकेक करून बोलावणे येते, ही तशीच बसून राहते. एकदा पगारातून आवडलेला झगा घेते, तर बाप थोबाडीत देतो आणि आई झगा परत करायला सांगते. पुढे एक पुरुष तिला फसवतो आणि ती उंदराचे विष विकत घेते. कथा ऐकली तर अतिनाट्याला पुरेपूर वाव! औतिनेन मात्र विष अशा सहजतेने ओतते, की जणू चहात साखर घालते आहे. आपण हादरतो ते त्यामुळे. आधी झालेला प्रत्येक अपमान याच चेहऱ्याने निमूट गिळलेला आपण पाहिलेला असतो. चेहरा तोच राहतो. आपण तो वाचायला शिकतो. याला मी अभिनय म्हणतो.

'ड्रिफ्टिंग क्लाउड्स'ची (१९९६) गोष्ट वेगळी. प्रमुख भूमिका मुळात मात्ती पेल्लोनपा या नटासाठी योजलेली होती. १९९५ मध्ये तो अकाली गेला आणि कथेचा भार औतिनेनवर आला. सोव्हिएत संघ कोसळल्यानंतर फिनलंड मंदीत सापडला, तो हा काळ. हॉटेलात मुख्य वाढपी असलेली इलोना आणि ट्रामचालक नवरा, दोघांच्याही नोकऱ्या जातात. या जोडप्याच्या मेलेल्या मुलाचा म्हणून जो फोटो दिसतो, तो पेल्लोनपाच्याच बालपणीचा. त्या फोटोसमोर औतिनेन उभी राहते तेव्हा काही करत नाही, नुसती पाहते. बेकारीत इलोना वाकत नाही, हेही शब्दांवाचून कळते. ईरिसच्या मौनात चीड साठत होती, इलोनाच्या मौनात अब्रू आहे. 'एकच चेहरा' म्हणणाऱ्यांनी हे दोन चित्रपट लागोपाठ पाहावेत.

'द मॅन विदाउट अ पास्ट'मधल्या साल्व्हेशन आर्मीच्या इर्माबद्दल २००२ मध्ये तिला कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले. भूमिका गोड आहे, पण माझ्या मते इलोनाच्या तोडीची नव्हे. 'ल आव्र'मध्ये (२०११) ती फ्रेंच बोलते. शब्द नेमके, हेल परका. दुभाषी मुलखात वाढलेल्या आपल्यासारख्यांच्या कानाला तो हेल लगेच ओळखू येईल. त्या बाईचे परकेपण तेवढ्यानेच उभे राहते. पटकथेने मात्र तिला बराच वेळ इस्पितळातल्या खाटेवर निजवून ठेवले, याची चुटपुट लागते.