थांबलेली उडी, हलते पाणी

चित्रफितीवरील कला म्हणजे केवळ यंत्राची करामत, हा समज आपल्या वाङ्मयीन वर्तुळांत अजूनही रूढ आहे. त्याची परीक्षा एखाद्या कृतीवर करून पाहावी, या हेतूने आम्ही बिल व्हायोला या अमेरिकन कलावंताची 'द रिफ्लेक्टिंग पूल' (१९७७-७९) ही सात मिनिटांची कृती निवडली आहे.

घटना एवढीच : रानातून एक मनुष्य येतो, चौकोनी तळ्याच्या काठी उभा राहतो आणि एकाएकी ओरडून उडी घेतो. देह अधांतरी थांबतो. पाणी मात्र थांबत नाही. त्यावर तरंग उठतात. काठावर कोणी नसता माणसांची प्रतिबिंबे हलतात. अधांतरीचा देह हळूहळू झाडोऱ्यात विरून जातो. अखेरीस तोच मनुष्य पाण्यातून वर येतो व रानात परततो. कॅमेरा आरंभापासून एकाच जागी आहे. एकाच दृश्याची निरनिराळ्या वेळी केलेली चित्रणे एका चौकटीत सांधली आहेत.

करामत ती एवढी. तिच्यामागे विचार आहे काय? आमच्या मते आहे. स्मृतीविषयी आपण बोलतो ते बहुधा जपलेल्या ठेव्याच्या भाषेत. वस्तुतः स्मरणात एखादाच क्षण खिळून राहतो; भोवतालचा काळ चालतच असतो, आणि त्या चालण्यानेच तो क्षण झिजतो. देह नेमका केव्हा विरला, हे कितीही लक्ष देऊन पाहिले तरी सांगता येत नाही. विसरणेही असेच नकळत घडते. आपल्या रसशास्त्राने तेहतीस व्यभिचारी भावांत गणलेली स्मृती पात्राच्या ठायी असते. येथे पात्राचे मन कळतच नाही, आणि स्मरणाचा व विस्मरणाचा प्रत्यय प्रेक्षकाच्या नजरेतच येतो. या कृतीचे खरे यश हेच होय.

तथापि एक उणीव नमूद केली पाहिजे. व्हायोला यांनी या कृतीला एका प्रकारचा बाप्तिस्मा म्हटले आहे. शेवट त्या अर्थाला पोषक खरा. परंतु हरवलेला मनुष्य परत मिळाल्याने मधली अस्वस्थता फार लवकर शमते. विरलेला क्षण कायमचा गेला, ही जाणीव बोथट होते. कर्त्याचे भाष्य येथे कृतीहून उणे ठरते.

व्हायोला २०२४ मध्ये निवर्तले. अध्यापकांनी कवितेतील काळ समजावून देताना ही सात मिनिटे वर्गात अवश्य दाखवावीत, आणि देह केव्हा दिसेनासा झाला, एवढेच विचारावे. उत्तरे जुळणार नाहीत. चर्चेचा आरंभ तेथूनच व्हावा.