उभारणी, संहारणी आणि विवेक

सृष्टी उत्पन्न होते, लय पावते आणि पुन्हा उत्पन्न होते, या कल्पनेवर आपल्याकडील इंग्रजी शिकलेल्या वर्गाने एक आरोप वारंवार केलेला आहे. जे सर्व मोडणारच, आणि मोडून पुन्हा तसेच उभे राहणार, त्यासाठी मनुष्याने झटावे कशाला? या कल्पनेनेच आपला समाज निरुद्योगी झाला, असे या वर्गाचे म्हणणे. आरोप गंभीर आहे. पूर्वजांच्या अभिमानाने तो उडवून लावता येणार नाही. म्हणून ज्यांनी ही कल्पना मराठी वाचकांपुढे मांडली, त्यांचे लेखन या एका प्रश्नापुरते तपासून पाहण्याचे आम्ही योजिले आहे.

पहिला ग्रंथ अर्थातच 'दासबोध'. त्याच्या तेराव्या दशकात उभारणीचा समास आहे, त्यापाठोपाठ प्रलयाचा, आणि त्यापुढे 'कहाणी'चा. शंभर वर्षांची अनावृष्टी, बारा सूर्यांचा दाह, असे भयंकर चित्र समर्थ प्रलयाच्या समासात रेखाटतात. वाचक धास्तावलेला असतानाच पुढील समासात दोघे भटके वेळ घालविण्यासाठी एक गोष्ट काढतात, आणि विश्वाची तीच घडामोड एखाद्या घराण्याच्या हकिकतीसारखी ऐकू येते. ही योजना आम्हांस फार मार्मिक वाटते. विश्वाची रचना सांगणे म्हणजे मनुष्याच्या समजुतीसाठी एक कथा रचणे होय, हे समर्थ येथे लपवीत नाहीत.

परंतु आरोपाचे खरे उत्तर दहाव्या दशकात आहे. तेथे पाच प्रलय सांगितले आहेत. निद्रा आणि मृत्यू हे दोन पिंडाचे. ब्रह्मदेवाची निद्रा आणि ब्रह्मदेवाचा मृत्यू हे दोन ब्रह्मांडाचे. आणि पाचवा विवेकाचा. पहिले चार मनुष्यावर ओढवतात, पाचवा त्याने स्वतः घडवून आणावयाचा असतो. ज्या रचनेत पाचापैकी एक प्रलय मनुष्याच्या स्वाधीन ठेविलेला आहे, ती रचना आळशीपणा शिकविते असे कसे म्हणावे?

दुसरा ग्रंथ लोकमान्यांचे 'गीतारहस्य'. मंडालेच्या तुरुंगात लिहिलेला हा ग्रंथ १९१५ साली प्रसिद्ध झाला. त्याच्या आठव्या प्रकरणाचे नावच 'विश्वाची उभारणी व संहारणी' असे आहे. प्रकृतीपासून बुद्धी, अहंकार, मन व इंद्रिये, तन्मात्रे आणि शेवटी पंचमहाभूते अशी चढती मांडणी, आणि प्रलयकाळी उलट्या क्रमाने होणारा लय, हे सर्व तेथे गणितज्ञाला शोभेल अशा काटेकोरपणे उलगडलेले आहे. हा गुण मान्य करूनही एक दोष सांगितला पाहिजे. ब्रह्मदेवाचा एक दिवस म्हणजे ४३२ कोटी वर्षे, ही कालगणना समोर आली की मनुष्याचे शंभर वर्षांचे आयुष्य दिसेनासे होते. गीतेच्या आठव्या अध्यायात तर तेच भूतसमुदाय पराधीनपणे पुन्हापुन्हा जन्मतात, असे सांगितले आहे. मग कर्मयोगाला जागा कोठे उरली? लोकमान्यांचे उत्तर आहे, पण ते 'कर्मविपाक व आत्मस्वातंत्र्य' या दहाव्या प्रकरणात. जो वाचक आठव्यावरच पुस्तक मिटील, तो नेमका उलटा बोध घेऊन जाईल; आणि असे वाचक थोडे नाहीत.

तिसरी रचना शास्त्रज्ञांची. डॉ. जयंत नारळीकर यांनी फ्रेड हॉइल व जेफ्री बर्बिज यांच्यासह १९९३ साली एक विश्वसिद्धान्त मांडला. त्यात विश्वाला आरंभ नाही; ते चार-पाच हजार कोटी वर्षांच्या आवर्तनाने प्रसरण व आकुंचन पावते आणि मधूनमधून नवे द्रव्य निर्माण होते. बहुसंख्य शास्त्रज्ञांनी तो स्वीकारला नाही. सुमारे १,३८० कोटी वर्षांपूर्वीच्या महास्फोटाचा सिद्धान्तच त्यांस ग्राह्य वाटतो. हे ठाऊक नसलेले काही लोक नारळीकरांच्या सिद्धान्ताला पुराणांची साक्ष मानून हर्षित होतात. त्यांनी दोन भेद ध्यानी घ्यावेत. या सिद्धान्तात आकुंचनाच्या अखेरीसही विश्व शून्य होत नाही. आणि प्रत्येक आवर्तन मागल्यापेक्षा मोठे असते. हे वर्तुळ नव्हे, मळसूत्र आहे. शिवाय तो सिद्धान्त मनुष्याने काय करावे याविषयी अवाक्षर काढीत नाही, व ते उचितच आहे. शास्त्राकडून नीती उसनी मागणे हा मागणाऱ्याचा दोष.

या तिन्ही रचना मनात ठेवून दापोडीकडे पाहावे. मुळेच्या काठी वसलेल्या या गावी १८२८ साली इंग्रज सरकारने वनस्पतिबाग उभारली. १८६५ साली ती मोडून गणेशखिंडीस नेली. दापोडीची ती बाग परत आली नाही. मात्र १८४७ ते १८५० या काळात कोणा चित्रकाराने तेथील वनस्पतींची जी चित्रे काढली, ती एडिंबरोच्या वनस्पतिउद्यानात आजही जपून ठेविलेली आहेत. त्याच दापोडीस आता राज्य परिवहनाची मध्यवर्ती कार्यशाळा आहे. तेथे जुन्या गाड्यांचा ॲल्युमिनियमचा सांगाडा उतरवून त्याच चासीवर पोलादी सांगाडा चढविण्याचे काम झालेले आहे. तेथील कामगारास संहारणी व उभारणी यांचे तत्त्वज्ञान कोणी शिकविलेले नसेल. पण काय मोडावे व काय राखावे, हे ठरविल्यावाचून त्याचे हत्यार चालत नाही. चासी आपोआप राखली जात नाही, आणि चित्रेही आपोआप टिकली नाहीत.

विश्वाचे चक्र खरे की खोटे, हा निवाडा ज्योतिषशास्त्राचा आहे. ग्रंथाच्या परीक्षकाने पाहावयाचे ते इतकेच की, चक्र सांगून झाल्यावर लेखक वाचकाच्या हाती काही ठेवितो की नाही. लोकमान्य ठेवितात, पण दोन प्रकरणांनंतर. समर्थ मात्र प्रलयांची गणना करितानाच पाचवा प्रलय वाचकाच्या हाती देतात. या बाबतीत आमच्या मते समर्थांचा ग्रंथ सरस ठरतो. निरुद्योगाचा आरोप ज्यांस करावयाचा असेल त्यांनी तो चार प्रलयांवर थांबणाऱ्या वाचकांवर करावा, पाच सांगणाऱ्या ग्रंथावर नव्हे.