भिंतीतला केर

जे. जी. बॅलार्ड यांच्या ‘द साउंड-स्वीप’ (१९६०) या कथेत सोनोव्हॅक नावाचं झकास यंत्र आहे. भिंतींत थरावर थर साचलेले जुने आवाज ते केरासारखे ओढून घेतं. चालवणारा मँगन मुका, कान मात्र तिखट. “आधी तुमचं घोरणं काढायला सांगा,” इति सौ. कानाला ऐकूच न येणारं संगीत आल्याने कथेतली गायिका बेकार होते. (शेजारच्या गाण्याच्या क्लासात ते कधी येणार?) कथा फक्कड, पण त्यातली गिऱ्हाइकं जुना आवाज म्हणजे कटकट, असं फार चटकन धरून चालतात. आमच्या माजघराच्या भिंतीत वडिलांचा पहाटेचा खोकला असणार. तेवढा थर सोडून काय ते झाडा, मँगनराव.