'पण'च्या जागी 'आणि'

२५ नोव्हेंबर १९४९ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी संविधान सभेत समारोपाचे भाषण केले. दुसऱ्या दिवशी संविधान स्वीकारले गेले. त्या भाषणातला एक परिच्छेद आपल्याकडे आजही वारंवार सांगितला जातो. २६ जानेवारी १९५० पासून आपण विसंगतीने भरलेल्या जीवनात पाऊल टाकणार आहोत. राजकारणात समता असेल, सामाजिक आणि आर्थिक जीवनात विषमता असेल, असा त्याचा आशय. आशय पुष्कळांना तोंडपाठ आहे. ही दोन परस्परविरोधी विधाने बाबासाहेबांनी कोणत्या शब्दाने जोडली, तिकडे मात्र सहसा लक्ष जात नाही. मूळ इंग्रजीत तिथे 'बट' नाही, 'अँड' आहे.

भंडारा जिल्ह्यातल्या साकोली, पवनी किंवा तुमसरच्या कुठल्याही कनिष्ठ महाविद्यालयात ही दोन वाक्ये जोडायला दिली, तर बहुतेक मुले 'बट' लिहितील आणि ते बरोबरच धरले जाईल. 'व्हेअरअ‍ॅज' चालेल, 'ऑल्दो'ही चालेल. व्याकरणाची कसलीच हरकत नाही. पण 'ऑल्दो' आले की एक विधान मुख्य होते आणि दुसरे त्याच्या आश्रयाला जाते. 'बट' दोघांना समोरासमोर उभे करते खरे, तरी त्यात एक कल असतो: जे शेवटी येते ते जड ठरते. समता आहे, पण विषमताही आहे, असे म्हटले की समता फिकी पडते. क्रम उलटवून विषमता आहे, पण मताचा हक्क तरी मिळाला, असे म्हटले की ऐकणाऱ्याला दिलासा मिळतो. कुठल्याही बाजूने वाचा, 'बट' काहीतरी मागे ढकलतेच.

'अँड' कोणालाच मागे ढकलत नाही. समता खरी आहे आणि विषमताही तेवढीच खरी आहे. दोन्ही एकाच देशात, एकाच माणसाच्या आयुष्यात, एकाच सकाळी सुरू होणार आहेत. मतदान केंद्रावरच्या रांगेत बरोबरीने उभा राहणारा माणूस तिथून परत आपल्याच वस्तीत जाणार आहे. हा विरोध जोडशब्दाने बोलून दाखवला असता, तर तो वाक्याच्या रचनेत जिरून गेला असता. बाबासाहेबांनी तो तसाच उघडा ठेवला. विसंगती हा शब्द आदल्याच वाक्यात येऊन गेला आहे, त्यामुळे जोडशब्दाला ते काम पुन्हा करावे लागत नाही. थोर गद्यलेखकाची ही काटकसर मला फार मोलाची वाटते.

पुढच्याच वाक्यात पुन्हा 'अँड' येते. एका माणसाला एक मत आणि प्रत्येक मताला एकच मूल्य, हे तत्त्व ते मांडतात. इथे तोच छोटा शब्द दोन सोबत्यांना जोडतो. आधी त्याने दोन वैऱ्यांना जोडले होते. कानाला दोन्ही ठिकाणी एकच नाद ऐकू येतो, अर्थ मात्र पार बदललेला असतो.

मग सामाजिक आणि आर्थिक जीवनाचे वाक्य येते. त्याच्या सुरुवातीला 'हाउएव्हर' वगैरे काही नाही. उलट वाक्याच्या पोटातच 'बाय रीझन ऑफ' घालून कारण सांगितले आहे: आपल्या समाजाची आणि अर्थव्यवस्थेची घडणच तशी आहे. कर्ता आणि मुख्य क्रियापद यांच्या मधोमध हे कारण ठेवल्यामुळे वाचकाला नकारापर्यंत पोहोचण्याआधी थांबावे लागते. त्यानंतर, असे किती काळ चालणार, असा प्रश्न लागोपाठ दोनदा. या दोन प्रश्नांमध्ये जोडशब्दच नाही. जोडणारे काही नसले की प्रश्न आदळतात.

आणि मग अटींची साखळी. 'इफ' येते, त्याची किंमत सांगणारे 'ओन्ली बाय' येते, आणि शेवटी 'ऑर एल्स'. विसंगती लवकरात लवकर दूर करा, नाहीतर विषमता भोगणारेच ही राजकीय लोकशाहीची इमारत उडवून देतील. त्याच्या थोडे आधी, सामाजिक लोकशाहीचा पाया असल्याशिवाय राजकीय लोकशाही टिकणार नाही, हे सांगताना 'अनलेस' येऊन गेले आहे. ग्रेज इनमध्ये बॅरिस्टर झालेल्या आणि मसुदा समितीचे अध्यक्षपद सांभाळलेल्या माणसाला 'अनलेस' आणि 'ऑर'चे वजन वेगळे शिकवायला नको होते. कायद्यात त्या एका शब्दावर हक्क टिकतो किंवा जातो. स्वातंत्र्य, समता आणि बंधुता एकमेकांपासून तोडता येत नाहीत, हे सांगतानाही बंधुतेचे वाक्य 'नॉर'ने सुरू होते. पहिल्या दोन नकारांना तिसरा नकार असा जोडला आहे की एकही सुटा काढता येऊ नये.

भंडाऱ्यात हा परिच्छेद वाचताना मे १९५४ आठवल्याशिवाय राहत नाही. त्या भाषणानंतर साडेचार वर्षांनी बाबासाहेब लोकसभेच्या पोटनिवडणुकीला भंडाऱ्यातून उभे राहिले. जिल्हा तेव्हा मध्य प्रदेशात होता आणि आजचा गोंदिया त्यातच होता. मतदारसंघ द्विसदस्य होता, एक जागा सर्वसाधारण, एक राखीव. मतदाराला दोन मते असत, पण दोन्ही एकाच उमेदवाराला देता येत नसत. सर्वसाधारण जागेवर समाजवादी अशोक मेहता निवडून आले. राखीव जागेवर काँग्रेसचे भाऊराव बोरकर निवडून आले. बाबासाहेब हरले. त्या पराभवामागे पक्ष होते, युत्या होत्या, त्या काळचे वारे होते. एका कारणावर बोट ठेवणे अन्यायाचे होईल. प्रत्येक मताला सारखे मूल्य देणारे संविधान ज्यांनी मांडले, ते स्वतः त्याच मतांच्या मोजणीला सामोरे गेले आणि तिथे पराभूत झाले. हे वाक्य मलाही 'पण' घालून लिहिता आले असते. भंडाऱ्याच्या मतदाराचा हक्कही खरा होता आणि तो पराभवही खरा होता.

इंग्रजीच्या शिक्षकांनी जोडशब्दांच्या तासाला हा परिच्छेद जरूर घ्यावा. गाळलेल्या जागा भरण्यापेक्षा त्यातून जास्त शिकता येईल. आधी मूळ वाक्य मोठ्याने वाचायला लावावे. मग 'अँड' काढून 'बट' घालावे, पुन्हा वाचायला लावावे, आणि विचारावे: या बदलाने कोणाची सोय झाली?