पांढरीचे टेकाड आणि त्याचा अर्थ : इनामगावच्या उत्खननाचा एक विचार

मराठी मुलखातील खेड्याची भूमी 'काळी' आणि 'पांढरी' अशी दुभंगलेली असते. काळीत पीक येते, पांढरीवर माणूस राहतो. घराच्या भिंती पडतात, त्यांच्या मातीवर नव्या उभ्या राहतात, चुलीतील राख आणि गोठ्यातील शेण तिच्यात मिसळत जाते आणि काही शतकांनी सपाट भूमीचे टेकाड होते. महाराष्ट्रातील ताम्रपाषाणयुगीन वसाहती बहुधा अशाच टेकाडांत सापडल्या आहेत. उत्खनकाच्या कुदळीपूर्वीच लोकभाषेने त्यांची ओळख पटवून ठेवली होती. तथापि टेकाड ओळखणे निराळे आणि त्याचा अर्थ लावणे निराळे. हा भेद इनामगावच्या उदाहरणाने चांगला स्पष्ट होतो.

इनामगाव हे पुणे जिल्ह्याच्या शिरूर तालुक्यात घोड नदीच्या काठी आहे. डेक्कन कॉलेजच्या वतीने १९६८ पासून सुमारे दीड दशक तेथे उत्खनन चालले. सांकलिया, ढवळीकर आणि अन्सारी यांनी सिद्ध केलेला त्याचा वृत्तांत १९८८ मध्ये प्रसिद्ध झाला. माळवा (इ. स. पू. सुमारे १६०० ते १४००), पूर्व जोर्वे (१४०० ते १०००) आणि उत्तर जोर्वे (१००० ते ७००) असे वस्तीचे तीन कालखंड तेथे एकावर एक आढळले. जोर्वे हे नाव संगमनेर तालुक्यातील ज्या गावावरून पडले, तेथे १९५०-५१ मध्येच उत्खनन झाले होते. परंतु जोर्वे संस्कृतीचे लोक कसे राहत, काय खात आणि आपल्या मृतांचे काय करीत, हे तपशिलाने कळले ते इनामगावी शंभरावर घरे आणि दोनशेवर दफने उघडी झाल्यानंतरच. खापरांच्या वर्गीकरणावर न थांबता समाजरचनेचे प्रश्न विचारण्याचे धैर्य या वृत्तांताने दाखविले, हे त्याचे मोठे श्रेय होय. त्याची परीक्षाही त्याच बाजूने झाली पाहिजे.

या टेकाडातील सर्वांत गाजलेला शोध म्हणजे चार पायांचा, कच्च्या मातीचा रांजण. पाच खोल्यांच्या एका मोठ्या घराच्या अंगणात तो पुरलेला होता आणि त्यात एका प्रौढ पुरुषाचा सांगाडा बसलेल्या स्थितीत होता. इतर प्रौढांना पुरताना त्यांचे पाय घोट्याखाली तोडीत. या पुरुषाचे पाय मात्र शाबूत होते. घराशी धान्याचे कोठारही निगडित होते. यावरून हा गावाचा नायक असावा आणि येथील समाज नायकाच्या सत्तेखाली असावा, असा निष्कर्ष काढण्यात आला. निष्कर्ष असंभाव्य नाही. परंतु त्याचा पाया अरुंद आहे. कोठार घराशी असणे म्हणजे धान्यावर त्या घराची सत्ता असणे नव्हे. गावाच्या सामाईक धान्याची राखणही एखाद्या घराकडे सोपविलेली असू शकते. दफनाचा वेगळेपणा सत्तेचा द्योतक असेल, तसाच तो मृत्यूच्या विशिष्ट प्रकाराचा किंवा एखाद्या धार्मिक अधिकाराचाही असू शकेल. एकाच दफनावरून यांतील पर्याय निवडता येत नाही. मातीच्या झाकणाच्या डबीसह मिळालेली शिरोहीन स्त्रीमूर्ती आणि तिच्यासमवेतचा बैल यांविषयीही हेच म्हणावे लागते. तिला देवी म्हणण्यास जागा आहे; पण तिच्या उपासनेचे स्वरूप सांगण्यास ती एकटी पुरी पडत नाही.

याउलट बालकांची दफने पाहावीत. दोन कुंभ आडवे ठेवून, त्यांची तोंडे एकमेकांस जुळवून, त्यांत मूल ठेवावयाचे आणि राहत्या घराच्या जमिनीखाली पुरावयाचे, ही रीत पिढ्यान्‌पिढ्या चालू राहिली. ज्या जमिनीवर चूल पेटे, तिच्याच खाली गेलेले मूल असे. प्रौढांचे पाय मृताने परत निघून जाऊ नये म्हणून तोडीत, हे स्पष्टीकरण अनुमानच आहे. परंतु मृतांना घरापासून दूर करावयाचे नाही, ही वृत्ती अनुमानाहून अधिक भक्कम आहे, कारण शेकडो वेळा केलेली कृती तिची साक्ष देते. अर्थाचा भार वाहण्याची शक्ती दुर्मीळ वस्तूपेक्षा पुनरावृत्त कृतीत अधिक असते.

उत्तर जोर्वे काळाविषयीचा वाद हेच दाखवितो. या काळात प्रशस्त चौकोनी घरांच्या जागी लहान गोल झोपड्या आल्या आणि शेतीपेक्षा शिकारीवरील भिस्त वाढली. ढवळीकरांनी याचे कारण वाढत्या अवर्षणात शोधले. पुढे ग्वेन रॉबिन्स शग यांनी २०११ च्या आपल्या ग्रंथात बालकांच्या सांगाड्यांवरून या काळातील खालावलेले आरोग्य दाखविले आणि हवामानबदलाचे सरळ स्पष्टीकरण पुन्हा तपासावयास लावले. वाद मिटला असे नाही. परंतु तो पुढे सरकला, कारण दोन्ही पक्षांपुढे मोजता येण्याजोगा पुरावा होता. नायकाविषयीचा वाद तसा सरकू शकत नाही.

स्तर हरवला म्हणजे काय होते, हे दायमाबादच्या कांस्यमूर्तींनी शिकविले आहे. १९७४ मध्ये हत्ती, गेंडा, रेडा आणि बैल जोडलेला रथ अशा चार वजनदार मूर्ती तेथे मिळाल्या. त्या उत्खननात नव्हे, तर झाडाची मुळे खणताना निघाल्या. त्यामुळे कलाकृती म्हणून त्या अजोड असूनही त्यांच्या काळाविषयी मतभेद राहिले.

पांढरीची माती खतासारखी सकस असते, म्हणून ती गाड्या भरभरून शेतात नेऊन टाकण्याची रीत जुनी आहे. अमरावती जिल्ह्यातील तुळजापूर गढीच्या उत्खननाने ताम्रपाषाणयुगीन वस्ती वऱ्हाडातही होती हे सिद्ध केले. तेव्हा वाशीमकडील केनवडसारख्या गावांच्या परिसरातील जुन्या पांढरीही दुर्लक्षिण्याजोग्या नाहीत. माती उपसताना एखादी मूर्ती निघालीच तर ती वस्तुसंग्रहालयात पोहोचते आणि टेकाड वाचल्याचे समाधान मिळते. हे समाधान फसवे आहे. मूर्ती उरते, पण चुलीवर चूल, भिंतीवर भिंत आणि जमिनीखाली कुंभ या क्रमाने जे सांगितले गेले होते, ते शेतात पसरून जाते. टेकाडाचे रक्षण करावयाचे ते याच क्रमासाठी.