मदीनतुन्नुहास : मुक्या शहराची कहाणी

इब्ने खल्दून यांनी ‘मुकद्दमा’ (१३७७) या ग्रंथात ‘मदीनतुन्नुहास’ म्हणजे तांब्याच्या शहराची दंतकथा साफ खोटी ठरवली आहे. सिजिलमासाच्या वाळवंटातून वाटाडे आणि प्रवासी ये-जा करीत आले, मग हे शहर त्यांना कसे दिसले नाही, असा त्यांचा रोकडा सवाल आहे. इतिहासकार म्हणून त्यांचे म्हणणे बरोबरच आहे. पण दहाव्या शतकात मसऊदींनी नोंदवलेली ही कथा ‘अलिफ लैला’त जाऊन बसली आणि आजही वाचली जाते. जे शहर कधी नव्हतेच, त्याने काय जपून ठेवले, हे पाहण्यासारखे आहे.

कथानक थोडक्यात असे. हजरत सुलेमान यांनी जिनांना कोंडलेल्या तांब्याच्या सुरया पाहण्याची इच्छा खलिफा अब्दुल मलिक बिन मरवान यांना होते. तालिब बिन सहल हा खलिफांचा हुकूम घेऊन मगरिबला जातो. तेथून अमीर मूसा बिन नुसैर, तालिब आणि वाटाड्या म्हणून वृद्ध शेख अब्दुस्समद निघतात. वाटेत कूश बिन शद्दादचा ओसाड काळा महाल लागतो आणि पुढे तांब्याचे शहर. दोन्ही ठिकाणी जिवंत माणूस नाही. बोलतात त्या फक्त पाट्या, ज्यांना आपण उर्दूत ‘लौह’ म्हणतो.

या पाट्या एकसारख्या नाहीत. कूश आपल्या फौजेचा आणि खजिन्याचा हिशेब मांडतो आणि मृत्यूपुढे हे सारे कुचकामी ठरले, असे सांगतो. ही इबरत आपल्या परिचयाची आहे. खरे सांगायचे तर कथेत ती इतक्यांदा येते की वाचक कंटाळतो. मलिका तदमुराची सोन्याची पाटी मात्र वेगळी आहे. सात वर्षे पाऊस नाही, साठवलेले धान्य संपले, जनावरेही खाऊन झाली. मग तिने माणसांना धन देऊन देशोदेशी धाडले. मोती मापून देऊ, तेवढेच धान्य द्या, असे म्हणूनही ते मिळाले नाही. शेवटी लोकांनी वेशी बंद केल्या. हे एका राजाच्या गर्वाचे नव्हे, साऱ्या गावाच्या भुकेचे बयान आहे, आणि ते एक स्त्री करते. माझ्या मते कथेचा गाभा इथे आहे.

पण ही भूक शतकानुशतके त्या पाटीवर मुकी पडून होती. ती बोलू लागते अब्दुस्समद यांच्यामुळे. त्यांना जुन्या भाषा आणि लिप्या येतात. ते वाचून अर्थ सांगतात, मूसा रडतात आणि काळ्या महालात तर कागद-दौत मागवून मजकूर उतरवून घेतात. म्हणजे भिंतीवरचा मजकूर कागदावर येतो तो एका अनुवादकाच्या तोंडून. समीक्षकांचे लक्ष जिनांकडे आणि जादूकडे जाते. या म्हाताऱ्याला त्याचे श्रेय मिळायला हवे.

तरीही केवळ वाचणे पुरेसे नाही, हे कथाकाराला ठाऊक आहे. काय हवे ते न्या, पण माझ्या अंगावरच्या वस्तूंना हात लावू नका, एवढेच मलिकेचे मागणे. तालिब ते ऐकतो. मेलेलीला सुती कापड पुरे, असा युक्तिवाद करून तो दागिन्यांना हात घालतो आणि पहारेकरी पुतळ्यांच्या तलवारीने त्याचे मस्तक उडते. तीच पाटी ऐकून मूसा पुढे अमिरी मुलाकडे सोपवतात आणि बैतुल मुकद्दसला इबादतीसाठी जातात. मजकूर एकच, ऐकणारे दोन.

‘तिलिस्मे होशरुबा’शी तुलना केली तर हे अधिक स्पष्ट होते. तिथली लौह तिलिस्म कसे तोडावे हे नायकाला सांगते. मलिकेची लौह मात्र न मोडता कसे परतावे ते शिकवते. एक विजयाची चावी आहे, दुसरी वारशाची अट.

आपल्या वार्षिकाच्या वाचकांना हा मुद्दा परका वाटू नये. गौरी देशपांडे यांनी बर्टन यांच्या इंग्रजीवरून ‘अरेबियन नाईट्स’ मराठीत आणले, हे त्यांचे उपकारच. पण लखनौच्या नवल किशोर छापखान्याने काढलेले ‘दास्ताने अमीर हमजा’चे ४६ खंड उर्दूत आहेत आणि उर्दू आपल्या घरात आहे. मी ज्या वर्गांना शिकवतो तिथली मुले उर्दू वाचतात आणि बाजारात मराठी बोलतात. आपल्यातल्या कितीतरी मराठी लेखकांना मात्र ती लिपी येत नाही. अब्दुस्समद यांचे काम करू शकेल अशी पिढी बाकांवर बसली आहे. तिला दोन्ही भाषा पक्क्या शिकवणे हे शिक्षकांचे काम, आणि तिच्याकडून दास्तानीतली चार पाने का होईना, मराठीत आणवून घेणे हे आपल्या साहित्य चळवळीचे.